मुका पडदा आणि बोलघेवडी घरे

मूकपट म्हणजे चित्रपटाचे बालपण. बाळ पुढे मोठे झाले, बोलू लागले आणि शहाणे झाले, असे म्हणण्याची आपल्याकडे एक रीत पडून गेली आहे. यांपैकी पहिल्या दोन गोष्टी मला मान्य आहेत. बाळ मोठे झाले आणि बोलू लागले, हे कुणालाही कबूल करावेच लागेल. तिसरी मात्र मी मान्य करायला तयार नाही. कुटुंब आणि कुटुंबातला विश्वासघात हा आपल्या घराघरांतला सर्वांत जुना आणि सर्वांत झाकून ठेवलेला विषय. निदान त्याच्या बाबतीत तरी मुका पडदा बोलक्या पडद्याहून शहाणा होता, असे माझे म्हणणे आहे. ते मी ऐन दिवाळीच्या अंकात, घरात फराळाची ताटे फिरत असताना मांडणार आहे. वाचकांनी हातातली चकली खाली ठेवण्याचे कारण नाही. ती खाता खाता ऐकावे, एवढेच मागणे.

आम्ही छत्रपती संभाजीनगरची माणसे. शब्दांवाचून गोष्ट कशी सांगावी, हे आम्हांला कुणा परदेशी पंडिताने शिकवायला नको. शंभर किलोमीटरवर अजिंठा आहे. तिथे दहाव्या लेण्यात आणि पुन्हा सतराव्या लेण्यात छद्दन्त जातक रंगवलेले आहे. गजराज आणि त्याच्या दोन राण्या अशी ती गोष्ट. एकदा फुललेल्या झाडाला त्याचा धक्का लागला. थोरलीच्या अंगावर फुले पडली. धाकटीच्या अंगावर वाळक्या काटक्या आणि मुंग्या. एवढेच कारण! धाकटी तो डंख मनात धरून मेली, पुढच्या जन्मी काशीची राणी झाली आणि पूर्वजन्मीच्या पतीचे सुळे कापून आणायला तिने पारधी पाठवला. सुळे आले. ते पाहताच राणी कोसळली. चित्रकाराने तिला भाषण दिलेले नाही. समोर सुळे आहेत, मागे झुकलेली राणी आहे, तिला सावरणारी माणसे आहेत. घरातल्या घातकी माणसाची शिक्षा यापेक्षा नेमकी कुणी दाखवली असेल, तर मला ती पाहायची आहे. जे लोक या लेण्यांसमोर पाहुण्यांना अभिमानाने उभे करतात, तेच मूकपटाचे नाव काढले की “त्यात काय, नुसते तोंड हलते!” म्हणून हसतात, याचे मला नवल वाटते.

आपला पहिला मूकपट तर कुटुंबानेच घडवला. ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमात ‘राजा हरिश्चंद्र’ लागला, हे शाळेतली मुलेही सांगतात. त्यासाठी सरस्वतीबाई फाळक्यांनी कोऱ्या फिल्मच्या कडांना भोके पाडली, फिल्म धुतली, उन्हात पांढरी चादर धरून उभ्या राहिल्या आणि वर त्या सगळ्या मंडळींचा स्वयंपाक केला, हे मात्र सांगावे लागते. रोहिताची भूमिका घरच्याच भालचंद्राने केली. पुढे १९१९ च्या ‘कालियामर्दन’मध्ये कन्या मंदाकिनी बाळकृष्ण झाली. घर एकमेकांशी इमान राखून उभे राहिले म्हणजे काय होते, त्याचे हे उदाहरण. आणि पडद्यावरची गोष्टही वचनापायी राज्य, बायको आणि मुलगा यांना मुकणाऱ्या राजाची होती. आपल्या चित्रपटाचा पहिला प्रश्नच हा होता की, दिलेला शब्द पाळण्याची किंमत घरातल्या कुणी मोजावी?

पण हरिश्चंद्राच्या घराला देव पावतो. ज्याला देव पावत नाही त्या घराची गोष्ट कोल्हापुरात झाली. महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या बाबूराव पेंटरांनी १९२५ मध्ये ‘सावकारी पाश’ काढला. पौराणिक आणि ऐतिहासिक चित्रपटांची चलती असताना या माणसाने कॅमेरा शेतकऱ्याच्या झोपडीकडे वळवला. सावकाराच्या लोभापायी शेतकऱ्याची जमीन जाते, आणि तो शहरात जाऊन गिरणीकामगार होतो. तरुण शेतकऱ्याच्या भूमिकेत व्ही. शांताराम होते. त्या चित्रपटातली लक्षात राहिलेली गोष्ट म्हणजे एक अंधारलेली उदास झोपडी आणि तिच्यापाशी विव्हळणारा कुत्रा. लक्षात घ्या, चित्रपट मुका होता. ते विव्हळणे कुणालाच ऐकू आलेले नव्हते. तरी ते राहिले!

हा विषय आपल्या मातीतला होता. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी शेतकरी सावकारांवर उठले आणि तो वणवा पुणे व नगर जिल्ह्यांत पसरला. त्या दंगलीत लोक मुख्यतः कशाच्या मागे लागले होते? सोन्यानाण्यापेक्षा कर्जरोख्यांच्या. रोखे हिसकावून घेतले, जाळले, फाडले. चार वर्षांनी, १८७९ मध्ये, सरकारला दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा करावा लागला. निरक्षर कुणब्यालाही ठाऊक होते की आपला घात तलवारीने होत नाही. तो कागदाने होतो. गोड बोलून, बसायला घोंगडी टाकून, पान-सुपारी पुढे करून अंगठा घेतला जातो.

आणि इथेच मूकपटाचे शहाणपण दिसते. त्याला सबबी सांगता येत नसत. ज्या पात्राला बोलताच येत नाही, ते ‘मी हे तुमच्या भल्यासाठी केले’ असे तीन पाने भाषण कसे करणार? फार तर दोन ओळींची पाटी. मग दिग्दर्शकाला कृत्यच दाखवावे लागे. कागद दाखवावा लागे, अंगठा दाखवावा लागे, दिवा मालवणारा हात दाखवावा लागे. पाट्याही दोन-तीन भाषांत आणि लिप्यांत येत. साक्षर माणूस मोठ्याने वाची, बाकीचे ऐकत. नातू पाटी वाचतो आहे आणि आजी चेहऱ्यांवरून ती आधीच ओळखून बसली आहे, असा तो सगळ्या घराचा खेळ असे.

हे केवळ आपल्याकडेच होते असे नव्हे. हंगेरीत १९१४ मध्ये ‘अ तोलोन्त्स’ नावाचा मूकपट झाला; ‘पोलिसांनी हुसकून गावी धाडलेली’ असा त्या नावाचा आशय. दिग्दर्शक केर्तेस मिहाय, जो पुढे अमेरिकेत मायकेल कर्टिझ झाला आणि ज्याने १९४२ मध्ये ‘कॅसाब्लांका’ केला. हंगेरीच्या रंगभूमीवरची थोर नटी यासाई मारी हिने त्यात आईची भूमिका केली. गोष्ट साधी. खेड्यातल्या मुलीला बाप मरताना सांगतो की, मी तुझा बाप नव्हे, काका आहे. तुझी आई मेलेली नाही, छळणाऱ्या नवऱ्याचा तिच्या हातून खून झाला म्हणून ती तुरुंगात आहे. मुलगी शहरात मोलकरीण होते. मालकांच्या मुलाचे तिच्यावर मन बसते. मग तिच्यावर चोरीचा आळ येतो आणि तिला गावाकडे हाकलले जाते. तिकडे आई सुटून मुलीचा शोध घेत असते. यात फसवणूक किती प्रकारची आहे, पाहा! प्रेमापोटी लपवलेले सत्य, नवऱ्याने केलेला बायकोचा छळ, आणि गरीब पोरीला चोर ठरवून मोकळे होणारे अब्रूदार घर. एकही राक्षस नाही. सगळी घरातलीच माणसे.

आता आपल्या दिवाणखान्यातल्या पडद्याकडे वळतो. रोज संध्याकाळी दिवेलागणीनंतर तिथे कुटुंबाचीच गोष्ट चालू असते आणि तीत विश्वासघाताला तोटा नसतो. पण तो कोण करते? एक ठरलेली बाई. ती भुवई उंचावते, ढोल वाजतो, घरातल्या प्रत्येकाचा चेहरा तीन-तीनदा दाखवला जातो. ती दुधात काहीतरी मिसळते, दाराआडून ऐकते आणि स्वतःचा बेत स्वतःशीच मोठ्याने बोलून दाखवते, म्हणजे पोळ्या लाटता लाटता पाठमोऱ्या बसलेल्या बाईलाही तो कळावा. शेकडो भाग झाल्यावर ती रडते, सगळे तिला क्षमा करतात, आणि दुसरी भुवई कामाला लागते.

कुणी म्हणेल, करमणूक आहे, सोडून द्या. मी सोडत नाही, कारण या करमणुकीचा एक ठरलेला परिणाम आहे. पाहणारा समाधानाने उठतो. ‘आपल्याकडे बाई असले काही नाही हो!’ असे म्हणतो. खरेच नसते. आपल्याकडे कुणी दुधात विष कालवत नाही. आपल्याकडे बहिणीला फोन जातो, “ताई, दिवाळीला येतेसच ना? येताना आधारकार्ड आण.”

हे मी उगाच रचून सांगत नाही. आमच्या नात्यातल्या एका मावशीची गोष्ट आहे. भाऊबीजेला तिने दोन भावांना ओवाळले. तबकात साडी पडली, पाकीट पडले. दुसऱ्या दिवशी दुय्यम निबंधकांच्या कचेरीत हक्कसोडपत्रावर तिची सही झाली. कुणी आवाज चढवला नाही. “नावाची अडचण आहे, फेरफार अडकला आहे, नुसती सही हवी,” एवढेच सांगण्यात आले. घरी परतल्यावर सर्वांनी मिळून बासुंदी खाल्ली. काही वर्षांनी मावशीला आजारपणात पैसे लागले, तेव्हा तिला कळले की आपण काय सोडले. ती भावांविरुद्ध एक शब्द बोलली नाही. माहेर तुटेल, ही धास्ती! या प्रसंगात ढोल कुठे वाजवणार आणि भुवई कुणाची दाखवणार? तो मूकपटाचाच प्रसंग आहे. ओवाळणारा हात, तोच हात सही करताना, आणि बासुंदीची वाटी. पाटीचीही गरज नाही.

कायद्याचे म्हणाल तर तो बहिणीच्या बाजूने केव्हाच बोलून चुकला आहे. महाराष्ट्राने १९९४ मध्येच मुलींना वडिलार्जित मिळकतीत सहदायाद केले. त्यातून आधी लग्न झालेल्या मुली वगळल्या होत्या. २००५ च्या केंद्रीय दुरुस्तीने मुलीला मुलाइतकाच जन्मतः हक्क दिला. आणि ११ ऑगस्ट २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, दुरुस्तीच्या दिवशी वडील हयात असोत वा नसोत, तो हक्क आहेच. बहिणीने समजून-उमजून, राजीखुशीने हक्क सोडला तर तो तिचा अधिकार. त्यावर माझे काही म्हणणे नाही. पण ‘नुसती सही’ म्हणून घेतलेली सही आणि १८७५ पूर्वीचा अंगठा यांत मला तरी फरक दिसत नाही. तेव्हा समोर निदान परका सावकार होता. त्याचे रोखे जाळता आले. भावाने घेतलेला कागद बहीण जाळू शकत नाही, कारण त्याच हाताने तिने निरांजन ओवाळलेले असते.

माझ्यावर तीन आक्षेप येतील. पहिला असा की, मूकपटांतही डोळे वटारणे, छाती पिटणे आणि ऊठसूट मूर्च्छा येणे होतेच. होते. आपले पुष्कळसे मूकपट देवादिकांचे नि चमत्कारांचे होते, हेही खरे. मी प्रत्येक मूकपटाची तरफदारी करीत नाही. ज्या माध्यमाला बोलून वेळ मारून नेता येत नाही, त्याला कृत्य दाखवावे लागते, एवढेच मी म्हणतो.

दुसरा आक्षेप असा की, मग काय बोलपट बंद करायचे? मुळीच नाही. त्याच शांतारामबापूंनी मुक्या पडद्यावर काम शिकून पुढे १९३७ मध्ये प्रभातचा ‘कुंकू’ केला. मामा भाचीला फसवून म्हाताऱ्या बिजवराच्या गळ्यात बांधतो, ही त्याची गोष्ट. घरातल्याच माणसाने केलेला घात. त्या बोलपटात पार्श्वसंगीत ठेवलेले नाही. घरातले आवाज आहेत, वस्तू आहेत आणि शांता आपट्यांचा न वाकणारा चेहरा आहे. बोलता येऊनही कुठे गप्प बसावे हे ज्याला कळते, तोच कुटुंबाची गोष्ट नीट सांगतो. आजच्या मालिकांना तेवढेच कळत नाही.

तिसरा आक्षेप सर्वांत कठीण आहे. ‘एवढे गोडवे गाता, तर दाखवा तुमचा सावकारी पाश!’ दाखवता येत नाही. १९२५ चा तो मूकपट आज उपलब्ध नाही. बाबूरावांनी १९३६ मध्ये त्याच कथेचा बोलपट केला, पण मुळातला कुत्रा आणि मुळातली झोपडी गेली ती गेलीच. या देशात सुमारे तेराशे मूकपट झाले. त्यांतले आज पुरते किंवा तुकड्यांनी हाती असलेले पुरते तीसही भरत नाहीत. त्या काळची नायट्रेटची फिल्म भुरकन पेट घेई. न पेटली तर आपोआप कुजून तिची भुकटी होई. फिल्मवरच्या चांदीसाठी लोकांनी ती धुऊन काढली. बोलपट आल्यावर मूकपटाच्या डब्यांना कपाटातली जागा महाग झाली. पुण्याला राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघाले ते १९६४ मध्ये, म्हणजे हरिश्चंद्रानंतर ५१ वर्षांनी. पी. के. नायर यांच्यासारख्या माणसाने दारोदार फिरून जे डबे मिळवले, म्हणून आज फाळक्यांचे थोडे तरी दिसते. त्यावरही २००३ च्या जानेवारीत पुण्यातच आग लागून नायट्रेटच्या साठ्याची हजारो रिळे गेली. फाळक्यांच्या नावाने आपण पारितोषिक देतो आणि त्यांच्या चित्रपटांची चिंधी उरली आहे. भिंतीवरच्या तसबिरीला हार आणि म्हाताऱ्याची पेटी भंगारवाल्याला, असा हा व्यवहार. याला विश्वासघात म्हणायचे नाही तर काय म्हणायचे?

हंगेरीचेही बहुतेक मूकपट नष्टच झाले. पण ‘अ तोलोन्त्स’ नव्वदाहून अधिक वर्षांनी सापडला. कुठे? न्यूयॉर्कमधल्या हंगेरियन मंडळींच्या एका वास्तूच्या तळघरात. देश सोडून गेलेल्या लोकांनी कधीतरी तो डबा बरोबर नेला असेल, आणि कुणाच्या तरी ‘राहू दे’ या एका शब्दावर तो राहिला. बुडापेस्टच्या लोकांनी तो नीट केला, त्याला नवे संगीत दिले आणि पुन्हा पडद्यावर आणला. हुसकून लावलेली मुलगी शेवटी घरी परतली म्हणा ना!

म्हणून माझी मागणी दोन प्रकारची आहे. एक गावाकडे, एक घराकडे.

गावाकडे ती अशी. आमच्या शहरात अजिंठा-वेरूळच्या नावाने आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरतो. त्यात आणि त्याबाहेरही, वर्षातून निदान एकदा, एखाद्या नाट्यगृहात मूकपट लावावा. समोर पेटी-तबला घेऊन आमचेच कलावंत बसवावेत, पाट्या शाळेतल्या मुलांकडून मोठ्याने वाचून घ्याव्यात, आणि तिकीट असे ठेवावे की आजीपासून नातवापर्यंत सगळे घर येईल. ‘राजा हरिश्चंद्र’ची उरलेली रिळे आहेत, ‘कालियामर्दन’ बराचसा आहे. आणि ज्यांच्या वाडवडिलांनी थिएटरे चालवली, यात्रांतून तंबूतले सिनेमे नेले, त्यांनी या दिवाळीच्या साफसफाईत माळ्यावरचा गंजका डबा कचऱ्यात टाकण्यापूर्वी थोडे थांबावे. तो दिव्यापाशी, विस्तवापाशी उघडू नये. जुनी फिल्म दारूसारखी पेटते. पुण्याच्या संग्रहालयाला कळवावे. तळघर काय फक्त न्यूयॉर्कलाच असते?

घराकडची मागणी याहून लहान आहे, पण तिला खर्चापेक्षा धाडस जास्त लागते. भाऊबीजेच्या तबकाशेजारी कागद ठेवू नये. सही हवी असेल तर ती वेगळ्या दिवशी मागावी, कागद बहिणीला आठ दिवस आधी घरी वाचायला द्यावा, तिच्या ओळखीच्या वकिलाला दाखवू द्यावा. आणि ती नाही म्हणाली तर पुढच्या वर्षीही तिला त्याच आवाजात ‘ताई, दिवाळीला ये’ म्हणून बोलवावे. ज्या घराला हे जमेल त्याने संध्याकाळी खुशाल कोणतीही मालिका पाहावी. बाकीच्यांनी एक संध्याकाळ दूरदर्शन संचाचा आवाज बंद करून, घरात कोण कुणाकडे पाहते आहे आणि कोण कुणाची नजर टाळते आहे, तेवढे पाहून घ्यावे.